आबाराव नसलेकर

सेलूच्या स्टेशन रोडवर एका सकाळी
वीस बाय दहाचा माणूस उगवला.
मा. श्री. आबाराव नसलेकर, भावी नगराध्यक्ष,
यांना वाढदिवसाच्या लाख लाख शुभेच्छा.

मिशी खाजाच्या चुलत्याची,
नाक केरबाचं,
हनुवटी फ्लेक्सवाल्याच्या कंप्युटरात आधीच पडून होती.
डोळे मुंजाजीचे, जरा घारे.
वर्गणी नऊशे साठ. हसून हसून तिघं
रुळाकडच्या बाभळीखाली आडवे.

दुपारी फ्लेक्सवाल्याला एका पुढाऱ्याचा फोन,
माझा फोटो कसा काय नाही?
संध्याकाळी शेजारी दुसरा फ्लेक्स:
आबारावांचे कट्टर समर्थक.
तिसऱ्या दिवशी चहाच्या गाड्यावर एकजण सांगत होता,
आबाराव अन् मी एका बाकावर,
गणितात कच्चा, पण दिलाचा राजा.
खाजाच्या नाकात चहा गेला.

आठवड्यानं, रात्री अडीचला, उतरवायला गेले
तर मागच्या बांबूंत खोचलेल्या चिठ्ठ्या.
बारा दिवस झाले नळाला पाणी नाही, साहेब.
पोरीचा दाखला अडलाय.
डीपी जळालाय.
एकीवर नुसताच अंगठा.

मोबाइलच्या उजेडात केरबा वाचत गेला,
आवाज बारीक होत गेला.
कुणी हसेना.
एक कुत्रं भुंकलं, तेही अर्धंच.

शेवटची चिठ्ठी वहीच्या पानावर, पेन्सिलनं:
आबाराव, तुमचे डोळे आमच्या मुंजावर गेलेत.
तो दिसला तर सांगा,
भाकर झाकून ठेवलीय,
मांजरं लई झालीत.