डबी

कटिंग रूममध्ये पहिल्यांदा गेले, तेव्हा वाटलं
इथे कापत असतील.
शौकत मणेर म्हणाले, "चप्पल भाईर काढ.
आणि हातमोजं घाल. पांढरंच. फाटलं असलं तरी चालंल."
पहिलं वर्षभर मी नुसती जोडत होते:
इमल्शन खरवडायचं, ब्रश फिरवायचा,
दाबून धरायचं, मनात दहा मोजायचे.
केसांना ॲसिटोनचा वास. आई शेजारणीला सांगायची,
पोरगी दवाखान्यात लागलीय.

मामा खिडकीला पाठ करून बसायचे.
खिडकीत रंकाळा, तो त्यांनी कधी बघितला नाही.
फिल्म बोटांतून सरकत जायची
आणि एका जागी अंगठा थांबायचा.
इथंच का?
"खासबागेत बघ. पैलवान पडायच्या आधी
त्याचा एक पाय हलका होतोय. तितंच कट.
पाठ टेकल्यावर काय, सगळ्यांलाच दिसतंय."

गंगावेशीत दूध विकणारी बाळाबाई इंगवले
एका सिनेमात होती. एकच शॉट.
म्हशीच्या पाठीवर हात ठेवून ती
सरळ कॅमेऱ्याकडे बघून हसली,
म्हणून गेली.
सिनेमा लागला, तशी अख्खी गल्ली घेऊन आली,
दोन रांगा भरून.
मध्यंतरानंतरसुद्धा तिची मान ताठ होती.
मामा मागं, दाराला टेकून उभे.
त्यानंतर ते त्या कट्ट्यावर दूध प्यायला गेले नाहीत.
पितळी डबीतली तंबाखू त्यांनी झटकून टाकली
आणि आत गुंडाळून ठेवल्या
अकरा चौकटी.

आता मी राजारामपुरीत, नवव्या गल्लीत,
बेकरीच्या वरच्या खोलीत.
मालिका मोरेवाडीच्या माळावर शूट होते,
संध्याकाळी पोरगा मोटारसायकलवरून कार्ड आणून टाकतो.
मोजे नाहीत. बोटांना काही लागतही नाही.
माझं नाव शेवटी येतं, जाहिरातीखाली,
वाचून होण्याआधी जातं.

एपिसोड सातशे बारा. चॅनेलचा फोन:
बावीस सेकंद जास्त आहेत.
सासूचा चेहरा तीन बाजूंनी, विजेसकट. तो ठेवायचाच.
मग हळदीतला म्हातारा.
भाड्याचा फेटा, ताशाबरोबर मांडीवर नाचणारी बोटं,
आणि मध्येच, कुणी सांगितलं नसताना,
माझ्याकडे बघून हसला.

एक बटण.
जमिनीवर काहीच पडलं नाही.

उद्या रात्री आठला कळंब्यात की कुठं
तो घरादाराला टीव्हीपुढं बसवील.
पोरांना गप्प करील.

फाईल पाठवली. दिवा बंद केला, परत लावला.
मागे जाऊन त्याच्या अकरा चौकटी उचलल्या,
फोल्डरमध्ये ठेवल्या. फोल्डरचं नाव डबी.
तीनशे चाळीस माणसं झालीत त्यात,
सगळी माझ्याकडेच बघतात.
डिस्क भरत आलीय.
मशीन रोज विचारतं, काय पुसू?
मी रोज दाबते,
नंतर.