छेद

नकाशा पसरला चिऱ्यांच्या ढिगावर,
चार कोपऱ्यांना चार खडे.
मी सांगत होते, घर कमरेच्या वर
आडवं कापायचं,
छप्पर उचलून ठेवायचं बाजूला
आणि वरून बघायचं.

तातू मेस्त्री म्हणाला, "वरसून बगता ती घार.
ती खंय रवाक येता घरात?"

मग नेलं त्याने सड्यावर,
मुणग्याच्या जुन्या खाणीत.
तांबड्या भिंतींवर कुदळीचे चरे,
तळाशी हिरवं पाणी, एक बुडालेली चप्पल.
"ह्यो खड्डो शाळेचो. ह्यो आमच्या घराचो.
थंय तो धर्मशाळेचो."

गावात जेवढं उभं आहे
तेवढंच इथे नव्हतं,
चिरा न् चिरा मोजून.

पेन्सिल होती खिशात.
कागदावर कोरं काय सोडायचं,
ते मात्र ठरेना.