उघाड

लिमाच्या या टेकडीवर पाऊस पडत नाही.
धुकं तेवढं पडतं. नोव्हेंबरात ते उचललं जातं
आणि खालचा बाजार दिसू लागतो,
निळ्या ताडपत्र्या, माणसं,
माणसांमधली अंतरं आता जरा आखडलेली.

जमिनीवर खडूनं आखलेली वर्तुळं पुसट झालीत.
नव्यानं कुणी आखत नाही.
तरी कोथिंबीर घेताना माझे पाय
बरोब्बर जुन्या वर्तुळात जाऊन उभे राहतात.
एउदोसियाबाई हसते, म्हणजे तिचे डोळे बारीक होतात.
तिचा पुढचा दात पडलाय हे मला परवा कळलं,
मास्क खाली करून ती पाणी पीत होती तेव्हा.
कधी पडला?
मे महिन्यात.
मे महिन्यात काय काय गेलं,
त्यात दात कुठे धरायचा हिशोबात.

घरात दाराशेजारी हिरवा सिलिंडर उभा आहे.
फेर्मीन त्याला टोपी अडकवतो.
धाकटीची शाळा टीव्हीवर भरते,
तरी ती रोज दप्तर भरते,
सुटली की त्याच्याच गळ्यात घालते.
काटा अर्ध्याच्या जरासा खाली.
वरचं अर्धं बाबांनी वापरलं.
ते भरून आणायला फेर्मीन
कय्याओच्या रस्त्यावर दोन रात्री झोपला होता,
सिलिंडर साखळीनं स्वतःच्या कमरेला बांधून.
मोटोटॅक्सीचे कागद गहाण पडले
ते अजून तिथेच आहेत.

आता भाव उतरलाय.
मागच्या गल्लीतला लिझार्डो विचारून गेला,
देणार का? वेल्डिंगला लागतो.
फेर्मीन म्हणाला, बघू.
मी म्हणाले, हो ना, जागा तरी मोकळी होईल.
दोघंही खोटं बोललो
आणि बटाटे सोलायला बसलो,
कारण रविवारी कोमासहून आत्या येणार होती,
मार्चनंतर पहिल्यांदा.

आली. दार उघडंच ठेवलं.
मिठी मारायची की नाही
हे उंबऱ्यावर दोघींनाही ठरवता येईना,
शेवटी तिनं माझं कोपर धरलं आणि सोडलंच नाही.
जेवताना तिला खोकला आला.
सगळ्यांचे चमचे हवेत थांबले.
मिरची, ती म्हणाली, डोळे पुसत.
मिरची, आम्ही म्हणालो.
मिरची, धाकटी म्हणाली, आणि उठून
खिडकीही उघडून आली.

शनिवारी रात्री सगळे झोपले की
मी सिलिंडरची चावी केसभर फिरवते.
फुस्स.
लगेच बंद.
आहे.
या शनिवारी वळून बघते तर
मागे फेर्मीन, अनवाणी.
वाटलं आता ओरडणार,
एवढ्या महागाची हवा अशी उडवतेस.
तो काही वेळ काट्याकडे बघत राहिला.
मग हळूच म्हणाला,
आहे गं. मी बुधवारीच ऐकलंय.

तरीच म्हटलं,
काटा खाली कसा चाललाय.