जागा उघडा

मृण्मयीचा फोन आला: "बाबा, डिस्क भरलीय ना,
मग तो जुना गेम काढून टाका. एकटाच अडतीस जीबी खातो."
मी काढला. चित्रावर गेलो, डिलीट, हात झटकले.
डिस्क तेवढीच गच्च.

"ती नुसती पाटी होती, बाबा."

हे मला सांगावं लागावं!
चौतीस वर्षं ग्वाल्हेरात टपाल वाटलं,
जनकगंज, छत्री बाजार, नई सडक.
दारावरची पाटी उतरली म्हणून बिऱ्हाड हलत नाही
आणि बिऱ्हाड गेलं तरी पाटी कोण काढतो?
निंबालकर की गोठमध्ये मी कितीदा गेलो,
निंबाळकर कधी भेटले नाहीत.

"स्टार्टमध्ये अजून एक असेल. उजवं बटण. जागा उघडा."
उघडली. आत पुन्हा पाटीच.
"तिच्यावर परत तेच करा."
केलं, आणि एकदम डी ड्राइव्हमध्ये उतरलो.
नवीन फोल्डर. नवीन फोल्डर दोन.
त्याच्या आत 'बाबा जीपीएफ'.
त्याच्या आत खेळ.

मी गप्प. ती तिकडे बेंगळुरूत हसत सुटली.
"अकरावीत होते. तुम्ही जीपीएफचे कागद
पत्र्याच्या पेटीत ठेवता, इथे कशाला बघाल?"
बरोबर. नाही बघितलं.
माझ्या नावाच्या लिफाफ्यात इतकी वर्षं दुसऱ्याचं पत्र,
आणि सॉर्टिंगला मी स्वतः बसलेलो.

अन्वयचा टीव्हीखालचा डबा आहे, त्याचं बरं:
तो गल्ली सांगतच नाही.
सेटिंग, स्टोरेज, मग फक्त नाव आणि वजन,
पार्सल खिडकीवरच्या तोमरसारखा:
"अंदर रखा है साब, आपको जगह से क्या?"

"थांबा, काढू नका. आधी सेव्ह उचला.
ते तिथे नसतं."
म्हणजे खेळ एका पत्त्यावर, खेळलेलं दुसऱ्या.
युजर्स, मग तिचं नाव, मग एक फिकट फोल्डर
जो 'लपलेले दाखवा' म्हटल्याशिवाय दिसत नाही.
दौलतगंजात अशी एक बोळ होती.
सायकल बाहेर लावून, अंग तिरपं करून शिरायचं;
टोकाला सुलभा खांडवेकर, शिवणाचं मशीन,
महिन्याला साठ रुपयांची मनीऑर्डर.
नव्या पोस्टमनने दोनदा 'पत्ता सापडत नाही' लिहून परत पाठवली.
पत्ता होता. त्याला तिरपं होता येत नव्हतं.

बारा फायली.
नावं मी वाचत नाही, शिक्के वाचतो, सवय.
अकरा मे, रात्री बारा चाळीस.
एक पंचावन्न.
तीन दहा.
चार बावीस.
पाचला दोन मिनिटं कमी.

अकरा मेच्या रात्री मी जयारोग्यमध्ये होतो,
छातीला तारा चिकटवलेल्या,
आणि तिची आई सकाळी चहा देताना म्हणाली होती,
पोर शहाणी, गाढ झोपलेली, काही कळलं नाही तिला.

"बाबा? सापडलं का?"
"हो."
"किती आहे?"
"काही नाही, थोडंसं. चार-पाच एमबी."
"मग मेल करा की, दोन मिनिटांत येईल."

पेन ड्राइव्हवर घेतलं. पाकीट केलं, कडा डिंकाने दाबल्या,
पत्ता घातला पूर्ण: मजला, क्रॉस, मेन, पिन.
कंपूच्या पोस्टात रजिस्टर केलं.
खिडकीतल्या मुलीने विचारलं, आत काय आहे?
म्हटलं, लिही, कागदपत्रं.

परवा पुन्हा फोन.
"गेम काढला का?"
म्हटलं, बघतो.