पाचवी तार

आधी ड्रम नव्हतेच.
क्लिमचे तीन रिकामे डबे, आणि त्यांच्या तोंडावर ताणलेल्या
बाद झालेल्या एक्स-रे फिल्मा.
बाबा मनाम्यात, मिशनच्या दवाखान्यात कंपाउंडर.
मी वाजवायला लागले की कुणाच्या तरी बरगड्या थरथरत.
"मोत्यांसाठी बुडी मारायचा एक म्हातारा," बाबा म्हणाले,
"बेतानं वाजव. त्याला दम लागतो."

मी अकरा वर्षांची. मला हसू आलं नाही.
त्या एका डब्यावर मी कायम हळू मारलं.

येमिमाची गिटार कराचीहून बोटीनं आली,
दीडशे रुपयांना. गल्फचे लाल रुपये,
नगरला नेले असते तर वाण्यानं परत केले असते.
सुवार्ता गायची. प्रफुल्ला बेस वाजवायची, म्हणजे काय
ते घरात कुणालाच माहीत नव्हतं;
रेडिओला कान लावून ती तळाचे सूर वेचायची
आई गहू निवडायची तशी.
आईची अट एकच: बाह्या कोपराखाली.

अवालीच्या क्लबात निवेदकानं चिठ्ठी वाचली,
पुन्हा वाचली. भिंगारदिवे त्याच्या तोंडात मावेना.
"द बिंगर्स," तो म्हणाला, आणि आम्ही त्या झालो.
एका ताग्यातले चार फ्रॉक, घामानं पाठीला चिकटलेले,
बाहेर चिमण्यांवर जळणारा वायू,
आत तेलकंपनीची माणसं. आधी हसली.
मग एकेकानं ग्लास खाली ठेवला.

तिसऱ्या गाण्यात येमिमाची पाचवी तार तुटली.

पुढची बोट तीन आठवड्यांनी.
सूकमध्ये खलफान ऊद दुरुस्त करायचा,
त्यानं रेशमावर तांबं गुंडाळलेली एक तार काढून दिली,
पैसे घेतले नाहीत. विचारलं फक्त,
बापाला माहीत आहे ना?
तार बसली, सुरात लागली,
पण यंत्राला ती ऐकूच येईना. लोखंड नव्हतं तिच्यात.
येमिमा छेडायची, स्पीकर गप्प.
बोट आली, नव्या तारांचं पाकीट आलं,
तिनं ते फोडलं नाही.
"सगळंच काय लोकांना ऐकवायचं?" म्हणाली.

पासष्टला रुपया गेला, दिनार आला,
आणि राहुरीहून येमिमाला स्थळ.
मास्तर होता मुलगा. स्वभावानं बरा. तिनं गिटार वळकटीत बांधली,
गादीच्या आत, जणू तीच झोपली आहे.
आम्ही तिघींनी दोनदा वाजवून पाहिलं.
मग प्रफुल्ला टायपिंगला जाऊ लागली.

मी इथेच राहिले. गुदैबियात, तिसरा मजला, लिफ्ट कधीमधी.
गेल्या हिवाळ्यात कुणा इंजिनिअरच्या मुलीनं
बापाच्या पेटीतली टेप शोधून पाठवली.
भाच्यानं ती फोनवर घेतली.
पंखा. ग्लास. सुवार्ताचा खोकला, जी आता नाही.
"इथे गिटारचे सूर सुटतात, मावशी," भाचा म्हणाला.
"इथे पण. आणि हे बघ, इथे."
मला मात्र दुसरंच ऐकू येत होतं:
क्लबचे खरे ड्रम होते त्या रात्री, चकाकते, कातड्याचे,
आणि मी सबंध गाणंभर
डावीकडच्या एका ड्रमवर किती हळू मारते आहे.

राहुरीला फोन लावला. येमिमाला आता कानानं काही कळत नाही.
तरी नातीला सांगितलं, धर तिच्या कानाशी, शेवटपर्यंत धर.
गाणं संपलं. नात म्हणाली,
"आजीनं काही ऐकलं नसावं,
नुसती चादरीवर बोटं दाबत होती."

कुठलं बोट? मी विचारलं.
कधी दाबलं? कुठल्या ओळीला?

ती म्हणाली, परत लावता का?