वाटी

खारकर आळीत, दुसऱ्या मजल्यावर
यमुताई टिपणीस काळावर काम करायच्या.
मनगट मोकळंच.
घंगाळात तरंगती तांब्याची वाटी,
बुडाशी सुईएवढं भोक.
चोवीस मिनिटांत बुडली की एक घटका.
एकतीस वर्षं वह्या भरल्या.

मग वाटी तेविसात बुडायला लागली,
पुढे साडेबाविसात.
त्यांनी पाणी बदललं, पंखा बंद केला,
खाडीच्या भरतीवरसुद्धा संशय घेतला.

शेवटी कळलं,
हौसाबाई दर सोमवारी
कोपिनेश्वराला जाण्याआधी
वाटी चिंचेनं घासते.
भोक झिजून रुंदावलंय.

आम्हाला वाटलं, आता ओरडतील.
त्यांनी आणखी पाव किलो चिंच आणवली
आणि समासात लिहिलं :
घटका आखूड झाली.
वाटी लख्ख.