नव्व्याण्णव टक्के

मानेवाड्यातली मे महिन्यातली रात्र. कूलरचं पाणी संपलेलं.
शटर अर्धं ओढून मी सिनेमा उतरवत बसलो होतो,
शुक्रवारी लागलेला, शनिवारीच फुकट सापडलेला.
तिकीट परवडत नव्हतं असं नाही.
पण फुकटाची चव वेगळीच,
पोह्यांवर न मागता पडलेल्या जास्तीच्या तर्रीसारखी.

नव्व्याण्णव टक्क्यांवर निळी पट्टी थबकली.
म्हणे, एवढं छोटं सॉफ्टवेअर टाका, मगच दिसेल.
टाकलं.
दिवसभर गिऱ्हाइकांना मीच बजावतो,
"काकू, ओटीपी कोणालेच सांगू नका."

दोन मिनिटं दिसलं काहीतरी:
कुठल्याशा थिएटरातला अंधार, वाकडा पडदा,
पडद्यासमोरून गेलेलं एक डोकं,
आणि कोणाचा तरी खोकला.
मग काहीच नाही.

सकाळी सगळ्या फायलींची नावं बदललेली.
हयातीचे दाखले, जातीचे दाखले,
हेडाऊंच्या पोरीचा अर्ज, उद्या शेवटची तारीख,
चारशेच्या वर आधारकार्डं,
बाबाच्या तेरवीचे फोटो,
सगळ्यांना एकच कुलूप, आणि एक चिठ्ठी: पैसे भरा.
दुपारी पौनीकरबाई पासबुक घेऊन पायरीवर.
"भाऊ, माह्या खात्यातले अकरा हजार कुठी गेले?"

सायबरवाल्यांच्या खोलीत एसी होता.
बाहेर बाकावर पुतण्या, कौस्तुभ, पंधराचा,
आजारी लेकरू घ्यावं तसा सीपीयू मांडीवर घेऊन.
"काय डाउनलोड केलं होतं?" मॅडमनी विचारलं.
सांगितलं.
पेन थांबला.
"चोरीची तक्रार द्यायला आलात,
अन् हातात चोरीचाच माल?
तोही गुन्हा आहे, माहीत आहे ना?
कोणी केलं?"

माझी जीभ सवयीनं फुकटचं शोधायला गेली.
"पोरानं," म्हणालो. "पुतण्या आहे. त्याले काय कळते."

दार उघडंच होतं.
कौस्तुभनं मान वर केली नाही,
शर्टाच्या टोकानं
सीपीयूच्या जाळीतली धूळ तेवढी पुसत राहिला.
"नाव? वय?"
मॅडमचा पेन 'कौ'पर्यंत पोचला होता.
आत काहीतरी नव्व्याण्णववर अडकलं.

"मॅडम," म्हणालो, "खोडा ते."

त्यांनी खोडलं नाही.
नवा कागद घेतला,
आणि माझ्याकडे बघत बसल्या.